पाकाचं का पन्नीचं?

वलवण धरणाच्या भिंतीखाली सुधीरदादा निपचित सापडल्याचा फोन आला, तेव्हा घरात पहिला प्रश्न निघाला, "परत सुरू केलं होतं का?" कसा गेला, असं कुणी विचारलंच नाही. चौकातल्या फ्लेक्सवर 'अल्पशा आजाराने' असं छापलं गेलं. माझा हा मावसभाऊ तळेगावच्या कारखान्यात लागल्यापासून वर्षानुवर्षं गर्द, म्हणजे हेरॉइनची पूड, ओढत होता. गावाला ते ठाऊक होतं, आणि स्टेशनामागे गर्द विकतं कोण हेही. त्या माणसाचं नाव मात्र कुणी घेत नाही.

मी व्यसनमुक्तीची पत्रकं वाटत वाढले. त्यांत कवट्या असायच्या, घोषणा असायच्या; संध्याकाळी मुलाचे खिसे उलटे करणारी आई नसायची. मावशी ते रोज करायची. शर्ट हुंगायची, डोळ्यांवर बॅटरी मारायची. व्यसनमुक्ती केंद्रातून परतल्यावर दादा लोणावळ्यात चिक्की बनवायच्या कामाला लागला आणि नवीच पंचाईत झाली. गुळाच्या गरम पाकानं बोटं पोळायची. गर्द ओढताना पूड ठेवलेल्या चंदेरी पन्नीखाली पेटती काडी धरली तरी बोटंच पोळतात.

"हात दाव."

"पाकाचं हाय, आये."

"पाकाचं का पन्नीचं?"

"चाट की! गोड लागलं तर पाक."

तो हसायचा. मावशी हात उजेडाकडे धरून बघत राहायची…

शवविच्छेदनानंतर मी डॉक्टरांना गाठलं. ते म्हणाले, "बरेच महिने बंद असणार. सवय मोडलेल्या शरीराला जुना डोस झेपत नाही. बहुतेक परत घेतली त्या पहिल्याच वेळी गेला." जुना डोस झेपत नाही, हे एवढं एक वाक्य मी वाटलेल्या कुठल्याही पत्रकात नव्हतं. केंद्रातून निघताना ते दादाला कुणी सांगितलं होतं का? मला शंका आहे, आणि ती मी सोडणार नाही.

मावशीला सांगितलं. ती म्हणाली, "म्हंजी… खरं बोलत व्हता."

परवा मावशीकडे गेले, तर न्हाणीच्या दाराला आतून नवी कडी. दादा आत बसून ओढायचा म्हणून जुनी कडी तिनंच उपटून काढली होती; केंद्रातून आल्यावर तो कितीदा म्हणायचा, "आता तरी बसव की गं." घरात आता ती एकटीच. मी हातपाय धुवायला आत गेले, तर बाहेरून तिचा आवाज आला,

"लाव कडी. मी न्हाई बघाया येत."