नावाचा उच्चार

आयर्लंडमधल्या वॉटरफोर्डच्या हॉस्पिटलात माझ्या वडिलांच्या शेजारच्या खाटेवर नव्वदी ओलांडलेले एक इंग्रज गृहस्थ होते. पूर्वी थिएटरात सिनेमाआधी बातमीपट दाखवत, त्यांना यांचा आवाज असे. सिनेमांतही त्यांनी लहानसहान कामं केली होती: पोलीस, वेटर, बहुतेकदा प्रेत. बोलण्याआधी ते माइकसमोर असल्यासारखी दोन बोटं कानाला लावत. मग त्या थकलेल्या देहातून तिशीतल्या माणसाचा खणखणीत आवाज निघे.

वडिलांच्या ऑपरेशनच्या आदल्या दुपारी त्यांनी मला वडिलांचं नाव नीट उच्चारून दाखवायला सांगितलं.

"गोपाळ," मी म्हणालो. "का बरं?"

"मृत्यूच्या बातम्या आम्ही माणूस जिवंत असतानाच रेकॉर्ड करून ठेवायचो. उच्चार आधी विचारलेला बरा. नंतर विचारला की घरचे रडतात."

हे मी वडिलांना सांगितलं नाही. त्यांना वाटलं, शेजारी मराठी शिकतोय. स्वतःच्या जिभेकडे बोट दाखवत ते तासभर त्यांना शिकवत राहिले. "गोपाल न्हवं, सायेब. ळ. जीभ मागं वळवा की जरा." गृहस्थांना काही ळ जमला नाही.

सकाळी वडिलांना ऑपरेशनला नेताना मी स्ट्रेचरबरोबर दारापर्यंत गेलो. मागे पडद्याआडून तो तरुण आवाज आला. त्यांनी वडिलांचं नाव सावकाश घेतलं. ळ चुकावा, एवढंच मला हवं होतं. तो बिनचूक आला.

वडिलांनी डोळे मिटूनच समाधानानं मान हलवली.

"आता जमलं," ते म्हणाले.