पाऊस पडेपर्यंतची गरज

माझ्या दुकानाच्या मालकांइतक्या मायेनं भाडेकरूला बाहेर काढू पाहणारा माणूस अख्ख्या मराठवाड्यात झाला नसेल. लातूर नुकतंच जिल्हा झालं होतं, त्यात दुष्काळ, आणि हाताला लागेल ते भांडं घेऊन लोक टँकरमागे धावत होते. ते बघून मालकांना घागरी-हंडे विकायची हुक्की आली आणि माझं घड्याळदुरुस्तीचं दुकान त्यांना स्वतःच्या धंद्यासाठी हवंसं झालं. कायद्यानं तो हक्क त्यांना होताच. नोटीस द्यायला ते स्वतः आले, पण चष्मा घरी विसरल्यामुळे ती त्यांनी माझ्याकडूनच मोठ्यानं वाचून घेतली. "लई कडक लिवलंय की रे," ते हळहळले. "वकिलाचं काम हाय, तू मनावर घेऊ नको." मग दोघांसाठी चहा मागवला. तारखेला कोर्टात जायचे ते माझ्याच सायकलच्या मागे बसून. चढ आला की बिचारे उतरून ढकलायचेही. मला हसू यायचं, पण आतून मी पार खचलो होतो. दोन मुली शाळेत जात होत्या, आणि गावात दुसरा गाळा मिळणं जिल्हा झाल्यापासून अशक्य होऊन बसलं होतं.

साक्षीच्या दिवशी मालकांनी सवयीनं गळ्यातलं इष्टलिंग मुठीत धरलं. ते मुठीत असताना मालक खोटं बोलत नाहीत, हे आमच्या सगळ्या गल्लीला माहीत होतं. फक्त त्यांच्या वकिलाला नव्हतं.

"जागेची खरोखर गरज आहे?" न्यायाधीशांनी विचारलं.

"हाय की साहेब. लई जरुरत हाय."

"किती दिवस?"

मालकांनी मुठीकडे पाहिलं. "पाऊस पडंस्तोवर. नळाला पानी आलं की घागर कोन घेतंय? मग ह्यालाच परत देनार."

वकिलांनी कपाळाला हात लावला. पुढे दावा फेटाळला गेला. निकाल ऐकून मी कोर्टाच्या पायरीवर बसकण मारली. मालक शेजारी टेकले. "मलाबी मोकळं वाटतंय बघ," ते म्हणाले. "पर घागरी सांगून बसलोय रे. त्या कुठं ठेवू?"

मी माझं टेबल भिंतीला सरकवलं. अर्ध्या दुकानात घड्याळं, अर्ध्यात घागरी. पाऊस झाला, घागरी खपल्या, आणि रिकाम्या अर्ध्यात मालक रोज खुर्ची टाकून बसू लागले, ते शेवटपर्यंत. आता ते नाहीत. मुली म्हणतात, "बाबा, टेबल मधे घ्या की, ऐसपैस बसा." त्यांचं खरं आहे. मला मात्र तो माणूस फार आठवतो, आणि टेबल अजून भिंतीलाच आहे.