माझ्या मुंग्या आणि बाटलीतला कण

आमच्या घरी पहिला टीव्ही आला तेव्हा मला त्यातलं एकच आवडलं होतं, चॅनेल गेल्यावर येणाऱ्या मुंग्या. काळ्यापांढऱ्या, नुसत्या सळसळणाऱ्या. घरातले सगळे वैतागायचे, भाऊ अँटेना फिरवायला कौलांवर चढायचा, आणि मी मनात म्हणायचे, असू दे की! कारण मला त्या टीव्ही बंद असतानाही दिसायच्या. भिंतीवर, आभाळात, भाताच्या ताटात. डोळे मिटले तरी पापण्यांच्या आत. मला वाटायचं, सगळ्यांनाच दिसतात. मला नाक आहे म्हणून कोणी गावभर सांगत फिरतं का?

एकदाच, पाचेक वर्षांची असताना, मी आईला म्हटलं होतं, "आई, भितीवर मुंग्या हायेत." आईने भिंत बघितली. तिला काही दिसलं नाही. तरी ती दुकानातून मुंग्यांचा खडू घेऊन आली आणि त्या भिंतीच्या कडेने या टोकापासून त्या टोकापर्यंत रेघ ओढली. "गेल्या का गं?" तिने विचारलं. बिचारी एवढी वाकून वाकून दमली होती, म्हणून मी "गेल्या" म्हणाले. पुढची तीस वर्षं हा विषय निघाला नाही.

आता नशिबाची मजा बघा. मोठेपणी मला नोकरी लागली ती डोळ्यांची. खालापूरकडे हायवेपासून जरा आत एक औषधांची कंपनी आहे, तिथे इंजेक्शनच्या बाटल्या भरतात. भरलेली बाटली बाहेर जायच्या आधी माणसाने डोळ्यांनी बघायची असते. समोर अर्धा पांढरा, अर्धा काळा पडदा आणि वर दिवा. बाटली हलवायची नाही, हलकेच गोल फिरवायची, थांबवायची. आतलं पाणी गरगरत राहतं आणि कण असला तर तोही पाण्याबरोबर फिरतो. आधी पांढऱ्यावर बघा, मग काळ्यावर. कण दिसला की बाटली लाल क्रेटमध्ये.

या कामात मी तीन वर्षं पहिली होते. खोटं कशाला बोलू? बाकीच्या बायका काळ्या पडद्यासमोर डोळे ताणायच्या आणि मी खुशाल बघत असायचे. माझ्या मुंग्या जागच्या जागी सळसळतात. पाणी फिरलं म्हणून त्या फिरत नाहीत. फिरला तो कण, उरल्या त्या माझ्या. जन्मभर हेच निवडत आले होते, फक्त आता त्याचा पगार मिळत होता.

दर अर्ध्या तासाने आम्हाला डोळे मिटून बसायला सांगतात. अशीच एकदा मी शेजारच्या टेबलावरच्या आपाला म्हणाले, "डोळं मिटून काय उपयोग, मुंग्या थोड्याच झोपतात." ही आपा खोपोलीची, माझ्याहून मोठी, शांत बाई. तिने एक डोळा उघडला. "कसल्या मुंग्या गं?"

"ह्याच की. सगळ्यांना दिसतात त्या."

"आमाला नाय दिसत," आपा म्हणाली, आणि दुसराही डोळा उघडून माझ्याकडे बघत बसली.

बाई गं! छत्तीसाव्या वर्षी कळलं की जगाला भिंत नुसती भिंत दिसते.

घरी येऊन सांगितलं आणि चूक केली, कारण आमच्याकडे डॉक्टर सोडून सगळ्यांना औषध माहीत असतं. सासूबाईंनी मीठमोहऱ्या ओवाळून चुलीत टाकल्या आणि "कुणाची तरी नजर लागली" म्हणाल्या. नजर नक्की कुणाची बिघडली, हे काही त्या ऐकून घेईनात. नवरा म्हणाला, "मोबाईल कमी बघ." हे तो मोबाईलमधून डोकं वर न काढता म्हणाला. शेजारीण म्हणाली, गॅस असेल. आमच्याकडे पायाच्या अंगठ्यापासून टाळूपर्यंत सगळं गॅसनेच होतं.

मग समाजमंदिरात डोळ्यांचं फुकट शिबिर आलं. बाहेर पुढाऱ्याचा एवढा मोठा बॅनर, त्यावर त्याचेच दोन डोळे माझ्या घागरीएवढे. वहीवाल्या पोराने मला "मोतीबिंदू" या रांगेत उभं केलं. मी म्हटलं, "अरे, मी छत्तीस वर्षांची हाय!" तो म्हणाला, "काकू, फोटोपुरत्या तरी थांबा, पन्नास व्हायचेत." मी त्याला दोन शब्द सुनावून निघाले. फोटोत माझी पाठ आली आहे. नंतर खोपोलीच्या चष्मेवाल्याने मशीनमध्ये डोळे घातले आणि नंबर अजिबात नाही म्हणून सांगितलं. नंबर नाही ना? मग त्याने निळसर काचांचा चष्मा काढला. मुंग्या त्या चष्म्यातूनही दिसत होत्या, फक्त महाग.

शेवटी आपा मला ओढत पनवेलला नसांच्या डॉक्टरबाईंकडे घेऊन गेली. या बाईंनी माझं एकही वाक्य मध्येच तोडलं नाही, एवढ्यावरच मी निम्मी बरी झाले. त्यांनी विचारलं, ट्यूबलाइट बघून मान वळवली तर ती डोळ्यांपुढे रेंगाळते का? मी म्हटलं, ट्यूबलाइटच काय, नवरा खोलीतून गेला तरी क्षणभर तिथेच दिसतो. हे कुठल्या बाईच्या नशिबी येऊ नये! त्या हसल्या. उजेडाचा त्रास होतो का? अंधारात गाड्यांचे दिवे फुटल्यासारखे दिसतात का? कानात बारीक शिट्टी वाजते का? डोकं दुखतं का? मी सगळ्याला हो हो म्हणत गेले आणि माझ्या डोळ्यांना पाणीच आलं. मला वाटत होतं या सगळ्या वेगवेगळ्या कुरकुरी आहेत, आणि ही बाई एका घरातली माणसं ओळखावीत तशी त्यांना ओळखत होती.

डोळ्यांची आणि डोक्याची तपासणी झाली, सगळं ठीक निघालं. बाईंनी समजावलं ते असं. डोळ्यात कधी धागे तरंगतात, त्यांची सावली आत पडते, ते वेगळं. माझ्या मुंग्या डोळ्यात नाहीतच. डोळा चांगलं चित्र पाठवतो, पण मेंदू ते वाचताना बारीकसारीक खरखरसुद्धा गाळत नाही, तीही दाखवतो. असं का होतं ते अजून पुरतं कळलेलं नाही. घालवून टाकेल असं हमखास औषध नाही. काहींना रंगीत काचेने बरं वाटतं, झोप आणि डोकेदुखी सांभाळावी. यामुळे आंधळेपण येत नाही आणि हे वेडही नाही. त्यांनी कागदावर नाव लिहून दिलं, व्हिज्युअल स्नो. स्नो म्हणजे बर्फ. आम्ही खालापूरची माणसं, बर्फ बघितला तो फ्रीजमध्ये नाहीतर गोळेवाल्याकडे. पण माझ्या मुंग्यांना नाव मिळालं, याचा मला कोण आनंद!

आणि त्या आनंदात मी तो कागद कंपनीत नेऊन दाखवला. अक्कल म्हणतात ती त्या दिवशी घरी ठेवून गेले होते.

कंपनीत काही बिनसलं की एक फॉर्म उघडतात, त्याला डेव्हिएशन म्हणतात. आजवर तो मशीनसाठी उघडायचा, आता माझ्यासाठी उघडला. एसी खोलीत पाच साहेब बसले. एकाने विचारलं, मुंग्यांची संख्या अंदाजे किती? दुसऱ्याने रंग विचारला. तिसरा, चांगला शिकलेला माणूस हो, म्हणाला, "मॅडम, त्या तुमच्या डोळ्यांतून बाटलीत जाण्याची शक्यता आहे का?" मी म्हटलं, "जात असत्या तर तीस वर्षांत संपल्या नसत्या का?" हे उत्तर फॉर्मवर घेतलं नाही.

मग परीक्षा. चांगल्या बाटल्यांत काही खराब बाटल्या लपवून एक पेटी ठेवलेली असते, तीवर आम्हा सगळ्यांची परीक्षा होते. मी सगळ्या खराब शोधल्या आणि वर एक जास्तीची लाल क्रेटमध्ये टाकली. साहेब खूश. "बघा, ही चांगली होती. इथे तुम्हाला मुंगी दिसली." मी म्हटलं, भिंग आणा. भिंगाखाली एक बारीक तंतू पाण्यात ऐटीत लोळत होता. म्हणजे परीक्षेची पेटीच चुकलेली, आणि त्याच पेटीवर सगळा विभाग वर्षानुवर्षं पास होत आलेला! आता फॉर्म पेटीवर उघडायला हवा होता. पाचही साहेब एकदम घड्याळाकडे बघायला लागले. माझा निकाल लिहिला, अनिर्णित.

मला खोक्यांवर लेबलं लावायला बसवलं, "तुमच्या काळजीपोटी". पगार तोच. सगळे म्हणाले, बरं झालं, हलकं काम. पण मला टेबल हवं होतं. सांगूनच टाकते, मी घरी येऊन रडले. या डोळ्यांचा जगात एकाच ठिकाणी उपयोग होता आणि तिथूनच मला उठवलं. वर सहीसाठी एक कागद दिला, त्यावर लिहिलेलं: माझ्या नजरेवर विसंबता येत नाही, हे मला मान्य आहे आणि मी स्वखुशीने टेबल सोडते, खाली सही. सही झाली की फॉर्म बंद. तो कागद मी पर्समध्ये घेऊन महिनाभर हिंडले.

त्या महिन्यात एक वाईट गोष्ट झाली. मला माझंच खरं वाटेना. तांदूळ निवडताना मी नवऱ्याला विचारायला लागले, "हा खडाच हाय ना?" जन्मात कधी विचारलं नव्हतं. आधी तो हसला. मग एकदा न हसता माझ्याकडे बघितलं, आणि तेव्हापासून तांदूळ तोच निवडतो.

अशात आईला ताप आला आणि तिला खोपोलीच्या दवाखान्यात ठेवलं. दुपारी सिस्टर इंजेक्शनची बाटली घेऊन आली. आतल्या पावडरीत पाणी मिसळून झालं होतं. सवयीने माझा हात पुढे गेला. "द्या जरा." सिस्टरने का दिली देव जाणे. भिंत हिरवी होती, पांढरं काही हवं म्हणून पर्समधून तो कंपनीचा कागद काढला. काळ्यासाठी पर्सच होती. बाटली गोल फिरवली, थांबवली.

कागदासमोर एक कण फिरला. पर्ससमोरही फिरला.

दोन महिन्यांपूर्वी मी तिथेच बाटली बाजूला ठेवली असती. आता मात्र खात्री वाटेना. हा बाटलीतला की माझा? मी परत फिरवली. कण परत फिरला. पाच साहेब माझ्या डोक्यात बसून मुंग्यांची संख्या विचारत होते.

"काय हाय?" सिस्टरने बाटली घेतली, खिडकीकडे धरली. "मला तर काय दिसत नाय."

"मला वाटलं," मी म्हणाले. "असंल मलाच काहीतरी. माझ्या डोळ्यांचं…"

आई उशीवरून बोलली. आवाज बारीक होता, पण धार होती. "तुला दिसतंय ना?"

"दिसतंय गं, पण…"

"मग हाय. भितीवरच्या मुंग्या मला तरी कुठं दिसल्या होत्या? पण खडू वढलाच ना मी?" आणि सिस्टरला म्हणाली, "बाय, दुसरी आण."

मला वाटत होतं ती ते विसरली असेल.

"हलवू नका, गोल फिरवा," मी सिस्टरला सांगितलं. तिने वैतागून गोल फिरवली, थांबवली, बघितलं. मग डोळे बारीक करून परत फिरवली. ती बाटली तिने वेगळ्या ट्रेमध्ये ठेवली आणि दुसरी आणायला गेली. पहिली कुठल्या कंपनीची होती ते मी बघितलं नाही. म्हणजे बघितलं, सांगत नाही.

दुसरी बाटली मी कागदासमोर धरली, पर्ससमोर धरली. माझ्या मुंग्या सळसळत होत्या आणि पाणी स्वच्छ होतं. "ही द्या," मी ठामपणे म्हटलं.

इंजेक्शन झाल्यावर आईने विचारलं, "तो कागद कसला गं?"

"कंपनीचा," मी म्हणाले. "परत द्यायचाय."

दुसऱ्या दिवशी तो तसाच, सहीशिवाय, साहेबांच्या टेबलावर ठेवला आणि सांगितलं, पेटी दुरुस्त करा आणि माझी परीक्षा परत घ्या.