दादापासून संरक्षण

दादा गेल्याची बातमी आली तेव्हा मी शाळेत सहामाहीचे पेपर तपासत होतो. शिपायानं निरोप सांगितला. मी हातातला पेपर पुरा केला, मार्कही दिले. का, ते मला अजून कळलेलं नाही.

पुढचे दहा दिवस गावी लोक भेटायला येत होते. रडणं पहिल्या दोन दिवसांत संपलं. मग कुणीतरी हळूच विचारलं, "गुरुजी, ते हवालदाराचं खरं हाय का वो?" आणि एकातून एक निघतच गेलं. सुतकात हसू नये म्हणतात. आम्ही उपरणं तोंडाला लावून हसलो.

झालं होतं ते असं. दुष्काळाच्या आदल्या साली दादाच्या लेकीनं, शकूनं, नगरला जाऊन रजिस्टर लग्न केलं. मुलगा मधुकर, दवाखान्यात कंपाउंडर. जात वेगळी. माझा हा थोरला भाऊ चावडीवर सगळ्यांदेखत म्हणाला, "दोघांचं तुकडं करीन!" तो बोललेलं करतो, हे आम्हा सगळ्यांना ठाऊक. दोघं कोल्हारला माझ्याकडे आली. कोर्टानं संरक्षणाचा हुकूम दिला आणि माझ्या ओट्यावर गंगाधर हवालदार येऊन बसले.

*

पहिल्याच दिवशी हवालदारांनी वही काढली. "धोका कुणापासून?"

"माझ्या भावापासून."

"दिसतात कसे?"

"माझ्यासारखेच. मिशी तेवढी मोठी."

दुसऱ्या दिवशी मी शाळेतून परसदारानं घरात शिरलो, तर मागून कॉलर धरली गेली!

"अहो, मी!"

"वर्णन जुळतंय, गुरुजी," हवालदार म्हणाले. कॉलर सोडायला त्यांनी जरा वेळच घेतला.

*

वहिनीनं एस.टी.च्या कंडक्टरबरोबर लेकीसाठी लाडू धाडले. हवालदारांनी डबा अडवला. माहेरचं खाणं तपासल्याशिवाय आत जाणार नाही! एक खाल्ला. पाच मिनिटं थांबले. दुसरा खाल्ला.

"एकात नसलं तरी दुसऱ्यात असू शकतं."

चौथ्या लाडवाला शकू बाहेर आली. "हवालदारकाका, विष निघालं तर निघू द्या, पण दोन तरी ठेवा!"

*

दादा दर बाजाराला यायचा. समोरच्या लिंबाखाली बसायचा आणि घराकडे बघत राहायचा. हवालदार रस्ता ओलांडून त्याच्याशेजारी जाऊन बसले. म्हणाले, जवळून लक्ष ठेवता येतं. तंबाखू दादाची, चुना सरकारचा!

एकदा त्यांनी वही उघडून सरळ विचारलं, "काय लिहू? मारायला आलात का बघायला?"

दादा बराच वेळ तंबाखू मळत राहिला. "माझंच ठरंना. तुमी काय बी लिवा."

त्या दिवशीची नोंद मी पाहिली आहे. 'धोका आला. बसला. गेला.'

*

शकू आणि मधुकर यांचं एकदा जोरात भांडण झालं. भांडं आपटलं. हवालदार काठी घेऊन आत धावले आणि मधेच थबकले.

"हुकूम दोघांच्या संरक्षणाचा आहे. एकमेकांपासून करायचं का, ते साहेबांना विचारून सांगतो. तोवर हळू भांडा!"

*

एका दुपारी दादा लिंबाखाली बसलाच नाही. सरळ दारात आला. हातात कोयता. मी उंबऱ्याच्या आत, माझ्यामागे शकू आणि मधुकर. हवालदार आडवे आले. त्यांचा आवाज चिरकला.

"कोयता खाली ठेवा."

दादानं तो लगेच पायरीवर ठेवला. मग रिकाम्या हातांकडे बघत उभा राहिला.

"ठिवला. आता काय करू?"

हवालदारांनी खिशातून हुकूम काढला. उलगडून वाचला. उलटून मागची बाजूही पाहिली.

"याच्या पुढचं यात काही लिहिलेलं नाही हो."

दादानं माझ्याकडे बघितलं. मागून शकू मला "काका..." एवढंच म्हणाली.

थोड्या वेळानं दादा कोयता तिथेच टाकून एस.टी. स्टँडकडे चालू लागला.

घर माझं होतं. "दादा, आत ये," असं मी म्हटलं नाही.