राइनरकाकांची प्रॉम्प्टर

"ताई, पपा गेले." एवढं बोलून उटेने फोन ठेवला. उटे माझी धाकटी जाऊ, जन्माने जर्मन. वडिलांच्या आजारपणासाठी ती हॅम्बुर्गला गेली होती. मी फोन धरून दुबईत, अल कुसैसच्या आमच्या स्वयंपाकघरात तशीच उभी राहिले, भाजी करपली तरी भान नव्हतं... त्याला आता महिना होऊन गेला.

उटेचे वडील, आमचे राइनरकाका, पन्नासएक वर्षं नट होते. सुरुवात रंगभूमीवर, मग सिनेमा, मग टीव्ही. इन्स्पेक्टर, पाद्री, खुनी, मुलांच्या सिनेमातला विसराळू राजा... त्यांनी काय केलं नाही, ते विचारा! परक्या सिनेमांतल्या नटांना जर्मन आवाजही दिला. हिवाळ्यात ते लेकीकडे यायचे, आमच्याच बिल्डिंगमध्ये, खालच्या मजल्यावर. इथेही त्यांची नजर स्वस्थ बसायची नाही. ग्रोसरीतला मल्याळी दुकानदार अंडी कागदात कशी गुंडाळतो, हे ते मन लावून बघायचे. पुढे एका मालिकेत औषधवाले झाले, तेव्हा बाटली अगदी तश्शीच गुंडाळली. गाडीची किल्ली शोधताना माझ्या नवऱ्याची होणारी धांदल तर त्यांनी अशी हुबेहूब करून दाखवली की नवरा फुगून बसला.

नव्वदच्या दशकाच्या शेवटी एका हिवाळ्यात मात्र ते उतरलेल्या चेहऱ्याने आले. टीव्हीवरच्या एका चित्रपटात मोठी भूमिका मिळाली होती. खूप वर्षांनी घरी परतलेल्या मुलाशी बोलणारा बाप. पण पाठांतर टिकेना. "हे जमलं नाही, तर नट संपला. नुसता म्हातारा उरतो," म्हणाले. उटेला ऑफिसमुळे वेळ नव्हता. मी इथल्या ऊद मेथा भागात मराठी मंडळाच्या नाटकांना प्रॉम्प्टिंग करते, हे काकांना ठाऊक होतं. "शुभा, यू सिट," त्यांनी फर्मावलं. मला जर्मनमधलं ओ की ठो कळत नव्हतं! शेवटी शुक्रवारच्या सुट्टीत उटेने संवाद वाचले, अर्थ सांगितले आणि मी सगळं देवनागरीत उतरवून घेतलं.

रोज दुपारी जेवणं झाली की आम्ही बसायचो. सुरुवातीला मी नुसता गोंधळ घातला. आमच्या मंडळात माणूस गप्प झाला की तो विसरला, दुसरा अर्थच नाही. त्यामुळे काका थांबले की मी लगेच वाक्य फेकायची आणि ते कपाळाला हात लावायचे. अखेर शाळेतून आलेली माझी लेक ओरडली, "आई, ही इज नॉट स्टक! ही इज ॲक्टिंग!" मग मी जीभ आवरली. आणि नेमके त्यानंतर ते खरोखरच विसरले. मी आपली कौतुकाने बघत बसलेली, काय थांबलेत म्हणून... ते खुर्चीतून उठून उभे राहिले, तेव्हा उमजलं. "खलास, शुभा," ते म्हणाले. निर्मात्याला फोन करून नकार कळवणार होते.

मला रागच आला. इतक्या दुपारी काय उगीच घालवल्या? "यल्ला काका, पुन्हा पहिल्यापासून," मी म्हटलं. "विसरलात तर नजर खाली टाका, मी वाक्य देईन. नजर वर असली तर मी गप्प." ते हसले, कित्येक दिवसांनी. परत जाईपर्यंत आम्ही तो नियम पाळला.

पुढच्या हिवाळ्यात ते आले ते चित्रपटाची कॅसेट घेऊनच. आम्ही सगळे सोफ्यावर दाटीवाटीने बसलो. मुलगा दारात येतो. बाप बोलता बोलता थांबतो, थांबतो... आणि त्याची नजर खाली जाते. ऐन कॅमेऱ्यासमोर काका विसरले होते! मी नकळत पुटपुटले, "दी ट्यूर वार इमर ऑफन." दार नेहमी उघडंच होतं. पडद्यावर त्यांनी मान वर केली आणि तेच वाक्य म्हटलं. तिकडच्या पेपरांनी त्या शांततेचं तोंडभरून कौतुक केलं होतं, उटेने कात्रणं वाचून दाखवली. काका माझ्याकडे झुकले आणि हळूच म्हणाले, "डायरेक्टरने ठेवून दिलं." आम्ही दोघंच हसलो. हे मी आज पहिल्यांदा सांगते आहे, कारण त्यात काकांचा कमीपणा नाही, उलट त्याने ते माझ्या मनात आणखी मोठे झाले.

परवा शुक्रवारी ती कॅसेट पुन्हा लावली. घरात मी एकटीच होते. त्यांची फार आठवण येत होती, लपवू कशाला. मुलगा दारात आला. बाप बोलू लागला, थांबला, नजर खाली गेली.

मी वाक्य दिलं. त्यांनी मान वर केली.