समेचं घर

अवंतीचा फोन आला तेव्हा मी गाडीतून ग्रोसरीच्या पिशव्या काढत होतो. "अनंतकाका, बाबा आज मॉर्निंगला..." एवढंच म्हणाली ती. इथेच जन्मलेली मुलगी, मराठी बोलताना शब्द शोधते, म्हणून मी थांबून राहिलो. क्रियापद आलंच नाही. मग मी पिशव्या आत नेल्या, दूध फ्रिजमध्ये ठेवलं. सहा आठवडे झाले, मला अजून रडू आलेलं नाही.

अवंतीचे बाबा, मधुकर, हा माझा इथल्या, ओहायोतल्या डब्लिनमधला, बावीस वर्षांपासूनचा मित्र. पुण्यात नोकरीसाठी जर्मन शिकला आणि नोकरी मिळाली इथे, अमेरिकेत! जर्मन मग कवितांपुरतं उरलं. रिटायर झाल्यावर त्या कवितांना रागदारी चाली लावायचं खूळ त्याने डोक्यात घेतलं. दर रविवारी त्याच्या बेसमेंटमध्ये तो पेटीवर, मी तबल्यावर. "जर्मनही आपल्यासारखंच रे, निदान पोटवाक्यात तरी क्रियापद शेवटी. समेची वाट बघावी तशी त्याची वाट बघायची," हे त्याने मला शंभरदा ऐकवलं असेल.

शेवटची कविता दारात वाट पाहणाऱ्या एका बाईची होती. तिचा शेवटचा शब्द 'वीडरकोम्ट', म्हणजे 'परत येतो'. मी म्हणायचो, 'कोम्ट' समेवर आण, झोकात. तो ऐकेना.

"जोर 'वी'वर आहे यार. जर्मन माणूस हसेल."

"डब्लिनमध्ये कुठला आलाय जर्मन माणूस?"

यावरून आमचं चांगलंच वाजलं. पुढचा रविवार मी कॅन्सल केला, गवत कापायचंय म्हणून कळवलं. खरं तर मी रुसलो होतो, सत्तरीला टेकलेला माणूस. त्यानंतरच्या बुधवारी सकाळी त्याचं हृदय थांबलं. अपराधी वाटतं... बाकी सगळं बधिर आहे.

परवा अवंतीने बोलावलं. "काका, तुमचा तबला इथेच आहे, घेऊन जा ना. आणि बाबांची ही नोटबुक बघा, मला रीड नाही करता येत."

वहीत शेवटच्या ओळीच्या मात्रांची घरं आखलेली होती. समेच्या घरात 'वी' लिहून खोडलेलं, मग माझं 'कोम्ट' लिहून तेही खोडलेलं. खाली पेन्सिलीने, त्याच्या बारीक अक्षरात, 'रविवारी अनंता आल्यावर...'

पुढे काहीच नाही. अवंतीने विचारलं, "काय लिहिलंय?" मी वाचून दाखवलं. ती पुढच्या शब्दासाठी थांबली.

तबला मी तिथेच ठेवून आलो.