तूरडाळीने जोखलेला चाप

मी आयुष्यात एकाही प्राण्यावर बंदूक चालवलेली नाही. झुरळावर चप्पल फेकली तरी ती भिंतीवरच्या कॅलेंडरला लागते आणि झुरळ सावकाश, मागे वळून बघत निघून जातं. असं असताना विस्कॉन्सिनमधल्या आमच्या जुन्या गल्लीत मी बंदुकांमधला जाणकार म्हणून प्रसिद्ध होतो. ही कीर्ती मला माझ्या सासूबाईंमुळे मिळाली.

ऐंशीच्या दशकाचा मधला काळ. मी एका छोट्या गावात पंप बनवणाऱ्या कारखान्यात मेकॅनिकल इंजिनिअर होतो. गावात मराठी घर आमचं एकच. महिन्यातून एकदा शिकागोला डेव्हन ॲव्हेन्यूवर जायचं, पार्किंग शोधताना नवराबायकोंनी यथासांग भांडायचं आणि डाळी, पिठं, मसाले डिकीत भरून परत यायचं, एवढंच आमचं सामाजिक जीवन. त्या वर्षी सासूबाई राहायला आल्या होत्या, त्यामुळे डिकी अपुरी पडायला लागली होती आणि घर एकदम भरल्यासारखं वाटत होतं.

शेजारी एक निवृत्त गृहस्थ राहत. जन्मभर दुधाचा टँकर चालवलेला, आवाज भरदार, बोलणं मोजकं. आमच्या पहिल्या हिवाळ्यात मी फावडं उलटं धरून बर्फ काढत होतो, तेव्हा त्यांनी ते माझ्या हातातून घेऊन सुलटं करून दिलं होतं. तेव्हापासून आमच्या घरात ते 'शेजारचे काका'.

नोव्हेंबरच्या शेवटी तिथे हरणांच्या शिकारीचा हंगाम असतो. त्या दिवसांत कारखाना ओस पडायचा. मॅनेजरच जंगलात, तर रजा कोण नाकारणार? काकाही दरवर्षी दोन मुलांना घेऊन उत्तरेकडे आपल्या केबिनवर जात. पण संधिवाताने त्यांच्या उजव्या हाताची बोटं आखडली होती आणि त्यांच्या जुन्या रायफलचा चाप भलता कडक होता. ओढायला जोर लावावा लागे, जोर लावला की नळी हले आणि गोळी भलतीकडे. आदल्या वर्षी त्यांनी एका निरुपद्रवी झाडाचा वेध घेतला होता. मोठ्या मुलाने निकाल देऊन टाकला होता, "डॅड, यंदा तुम्ही केबिनवर थांबा. आमच्यासाठी बीन्स शिजवा."

ऑक्टोबरात कुंपणापाशी हे सांगताना काका हसले, पण ते काही खरं हसणं नव्हतं.

"बीन्स," ते पुन्हा म्हणाले. "वडिलांनी दिलेली रायफल कपाटात, आणि मी बीन्स ढवळतोय." मग माझ्याकडे बघून, "तू इंजिनिअर आहेस ना?"

मेकॅनिकल इंजिनिअरला हा प्रश्न विचारला की त्याची छाती फुगते आणि त्याच क्षणी डोकं बंद पडतं. गावातल्या बंदुका दुरुस्त करणाऱ्या माणसाकडे हंगामापर्यंतची कामं साचलेली होती. शेवटी एकदा तपासून देईन, एवढंच त्याने कबूल केलं होतं. चाप हलका करायची सोय त्या रायफलीतच होती, कंपनीचं माहितीपत्रकही काकांकडे होतं. हवे होते ते तेज डोळे आणि न आखडलेली बोटं. ती माझ्याकडे होती. मी "त्यात काय!" म्हणालो. ही बातमी मी बायकोला सांगितली तेव्हा ती पोळ्या लाटत होती.

"अहो, तुम्ही मागच्या महिन्यात टोस्टर ओपन केलात."

"मग?"

"तो अजून ओपनच आहे."

संध्याकाळी काका रायफल घेऊन आमच्या बेसमेंटमध्ये आले. काडतुसं त्यांच्या घरी कुलपात. तरीही पहिला धडा तोच. बोल्ट, म्हणजे काडतूस आत सारणारा दांडा, मागे ओढून त्यांनी मला आत बघायला लावलं. मग करंगळी घालून चाचपायला लावलं. मग स्वतः बघितलं, स्वतः चाचपलं. मी पाणी प्यायला वर जाऊन आलो, तर पुन्हा पहिल्यापासून. मी शिंकलो तरी पुन्हा. नळीचं तोंड कायम कोपऱ्यातल्या वाळूच्या पोत्याकडे.

सासूबाई जिन्याच्या पायरीवर बसून हे बघत होत्या. "जावईबापू, हे तर आमच्या सोवळ्यापेक्षा कडक आहे हो!"

मी भाषांतर केलं. काका गंभीरपणे म्हणाले, "सांग त्यांना, माझी दहा बोटं अजून दहा आहेत ती ह्याच्यामुळेच."

दस्ता सोडवून नळी आणि चापाची डबी मोकळी केली. डबीवर तीन बारीक स्क्रू होते. एकाने स्प्रिंगचा जोर कमीजास्त होतो. बाकीचे दोन आतली अडण किती धरून ठेवते आणि चाप किती मागे जातो, ते ठरवतात. काकांनी त्या दोन्हींवर चिकटपट्टी लावून टाकली. "हे दोन तुझे नाहीत." मी मान डोलावली. इंजिनिअरला हात लावू नको म्हटलं की त्याची बोटं शिवशिवतात, हे त्यांना बहुधा ठाऊक असावं.

चापाचा जोर मोजायचा कसा? माझ्याकडे काटा होता, भारतात जाताना बॅगा उचलून बघायचा. त्या काट्याने आमच्या बॅगांचं वजन कधीही खरं सांगितलेलं नव्हतं. विमानतळावर लोणच्याच्या बरण्या बाहेर काढायची वेळ त्याच्यामुळेच आली होती. तेव्हा मी कपड्याच्या हँगरचा आकडा वाकवला, त्याला कापडी पिशवी अडकवली आणि वरून डेव्हन ॲव्हेन्यूची पाकिटं मागवली. बोल्ट बसवून, रायफल रिकामी असल्याची पुन्हा खात्री करून, काकांनी ती उभी धरायची, नळी वर. मी पिशवी चापाला टांगायची. माहितीपत्रक म्हणत होतं, तीन पौंडांच्या खाली जाऊ नका. म्हणजे दोन पौंड मूग आणि एक पौंड रवा टांगल्यावर चाप सुटता कामा नये, आणि चार पौंड तूरडाळीला मात्र सुटला पाहिजे. सुरुवातीला तर तूर आणि मूग एकत्र टांगूनही तो ढिम्म हलत नव्हता.

मी स्क्रू केसभर फिरवायचो आणि वर ओरडायचो, "तूर!"

बायको वरून, "ती आत्ता भिजत घालणार होते मी!"

अखेर मूग-रव्याला चाप थांबला आणि तुरीला सुटला. एकदा नाही, पुन्हा पुन्हा. मग खऱ्या परीक्षा. बोल्ट जोरात आपटून बंद केला, चाप सुटला नाही. दस्ता जोडून तो जुन्या गोधडीवर आपटला, वर रबरी हातोड्याने ठोकलं, सुटला नाही. सेफ्टीची कळ लावून चाप ओढला, मग सेफ्टी काढली, तरी नाही. आणि काकांनी आपल्या आखडलेल्या बोटाने अलगद ओढला, तेव्हा 'टक'. नळी जागची हलली नव्हती. पुन्हा ओढला, 'टक'. आणि या वेळचं हसणं खरं होतं.

दस्ता परत सोडवला आणि स्क्रू आपोआप फिरू नये म्हणून त्यावर बायकोच्या नेलपॉलिशचा थेंब सोडला. तो वाळेपर्यंत सगळं उघडंच माझ्या कामाच्या टेबलावर राहू दे, असं ठरलं. बोल्ट मात्र काका खिशात घालून घरी घेऊन गेले. शनिवारी मोठा मुलगा येणार होता. त्याच्यासमोर पुन्हा सगळ्या परीक्षा करून दाखवायच्या, आणि त्याची खात्री पटली की काका शिकारीला, नाही तर बीन्स.

मधे खंडेनवमी आली. कामावरून आलो तर गाडीच्या किल्लीला कुंकू, शिवणयंत्राला झेंडूच्या जागी नर्सरीतली पिवळी शेवंती, मिक्सरला हळद, माझ्या कॅल्क्युलेटरवर अक्षता. मला भरून आलं. परदेशात सण असा कुणी करत नाही, वगैरे मी सासूबाईंना म्हणालो, आणि दोन वाट्या खीर जास्त खाल्ली. खाली बेसमेंटमध्ये जायचं काही कारण नव्हतं.

शनिवारी काका आणि त्यांचा मुलगा आले. मुलगा दाराच्या उंचीचा, हाताची घडी घालून उभा. मी आधीच रायफल जोडून ठेवली होती. आमचं सोवळं यथासांग पार पडलं. काकांनी बोल्ट बसवला आणि जोरात आपटून बंद केला.

'टक.'

चापाला कुणाचंही बोट लागलं नव्हतं.

मुलगा हळूच म्हणाला, "डॅड. बीन्स."

काकांचा चेहरा मला बघवेना. मी घाईघाईने दस्ता सोडवला, नेलपॉलिश खरवडलं, स्प्रिंगचा जोर वाढवला. पुन्हा आपटला, 'टक'. आणखी वाढवला. 'टक'. वरून बायको विचारत होती, "अहो, तूर पाठवू का?" आता चाप पहिल्याहून कडक झाला असेल, तरी 'टक'. तेव्हा कुठे माझं बंद पडलेलं डोकं सुरू झालं. जोर वाढवूनही सुटतोय, म्हणजे दोष जोराचा नाहीच. आत काही तरी चापाला पूर्ण परत येऊ देत नाहीये.

मी टॉर्च लावून डबीच्या फटीत बघितलं. चापाच्या मागे, अगदी आपल्या जागी असल्यासारखा, कुंकवाने लाल झालेला तांदळाचा एक दाणा बसला होता.

"आई!" एरवी मी बायकोला हाक मारली असती, आज थेट सासूबाईंना मारली.

सासूबाई पदराला हात पुसत खाली आल्या. "काय झालं?"

"तुम्ही ह्याची पूजा केलीत?"

"म्हणजे काय? घरात एवढं शस्त्र, आणि मी काय मिक्सरची पूजा करून गप्प बसू?" मग काकांकडे बघून, मराठीतच, "तुमच्या वडिलांची ना हो ती? मग! थोड्या जास्तच अक्षता वाहिल्या मी. दुसऱ्या दिवशी सगळं नीट पुसूनही ठेवलं हो!"

बायकोने सगळं इंग्रजीत समजावून सांगितलं. मी जमीन दुभंगायची वाट बघत होतो. काकांनी चिमट्याने काढलेला दाणा तळहातावर घेतला, निरखला आणि म्हणाले, "आमचे पाद्री मासेमारीच्या आधी बोटींना आशीर्वाद देतात. फक्त इंजिनात तांदूळ टाकत नाहीत." मुलाच्या हाताची घडी सुटली. तो इतका हसला की पाइपावरची धूळ खाली पडली.

डबी सॉल्व्हंटने धुतली, हळदीचं पिवळं पाणी निघालं. पुन्हा मूग, रवा, तूर. पुन्हा आपटणं, गोधडी, हातोडा, सेफ्टी. मुलाने स्वतः सगळं दोनदा केलं, अगदी वडिलांसारखी करंगळी घालून. मग म्हणाला, "मी मात्र आयुष्यात बीन्स शिजवलेल्या नाहीत."

"शिकशील," काका म्हणाले.

गावातल्या माणसाने रायफल तपासून 'ठीक' म्हटलं, आणि काका भडक नारिंगी जाकीट-टोपी घालून निघाले. शिकाऱ्याने शिकाऱ्याला हरीण समजू नये म्हणून तिकडे तो रंग सक्तीचा. सासूबाई खिडकीतून बघत राहिल्या. "भगवी वस्त्रं घालून कुणी शिकारीला जातं का? बाई बाई!"

थँक्सगिव्हिंगनंतरच्या रविवारी ते आमच्या दारात उभे राहिले. एक नर, एकच गोळी, जागच्या जागी. सांगताना त्यांनी हवेत तर्जनी वाकवून दाखवली, अगदी अलगद. तूर आणि अक्षतांची गोष्ट तोवर गल्लीभर झाली होती, आणि मी बंदुकांमधला जाणकार ठरलो होतो.

"आणि बीन्स?" मी विचारलं.

"थोरल्या मुलाने शिजवल्या. भांडं फेकून द्यावं लागलं."

आम्हा शाकाहारी लोकांना मांस देऊन उपयोग नाही, हे त्यांना माहीत होतं. त्यांनी सासूबाईंच्या हातात एक कागदी पुडा दिला. आत तिकडच्या तळ्यांतला रानतांदूळ होता, काळा, शिडशिडीत, सुईसारखा लांब.

"पुढच्या वर्षीच्या पूजेसाठी," ते मला म्हणाले. "सांग त्यांना, हा लांब दाणा फटीत मावणार नाही."

मी सांगितलं. सासूबाईंनी एक दाणा दोन बोटांत धरून उजेडात बघितला.

"अक्षता कधी काळ्या असतात का?" त्या म्हणाल्या. "बसा म्हणावं. खिचडी टाकते."